हेमाकाकूचे रीफ्राइड बीन्स

राजमा भिजवायचा, शिजवायचा, ठेचायचा आणि तुपात परतायचा. यापलीकडे त्या पदार्थात काही नाही. परवा माझ्या नातीनं जालना रोडवरच्या कुठल्याशा कॅफेतून तो हट्टानं मागवला. काळ्या डब्यात लालसर लगदा, वर किसलेलं चीज, बाजूला मक्याचे त्रिकोणी तुकडे. मला म्हणाली, "आज्जी, खाऊन तर बघ, मेक्सिकन आहे." मी म्हटलं, माहितीय मला. तिला ते खरं वाटलं नाही. म्हाताऱ्या माणसांना वरण-भातापलीकडचं काही ठाऊक असतं हे या पोरांना पटत नाही, आणि मी तरी तिला कुठल्या तोंडानं पटवणार? मी डबा झाकून तिच्याकडे सरकवला. हा पदार्थ आमच्या घरात पहिल्यांदा शिजला तेव्हा मी सतरा वर्षांची होते, आणि तो शिजावा म्हणून मी जे केलं ते त्या वेळच्या माणसांखेरीज मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही.

आम्ही तेव्हा हर्सूलच्या रस्त्याला नव्यानं पडलेल्या प्लॉटिंगमध्ये राहायचो. मूळचे आम्ही कन्नडचे. आजोबा तिथं तहसिलीत कारकून होते, त्यांना सगळे दादा म्हणायचे. दादा गेल्यावर अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, कन्नडचं घर विकून इथं बांधलं. खाली आम्ही तिघं आणि वर धाकटे वसंतकाका अन् हेमाकाकू. शहर चहूबाजूंनी सुटलं होतं. काल जिथं ज्वारीचं रान होतं तिथं आज खडीचे ढीग पडत आणि कॉलनीची पाटी लागे. त्या पाट्यांवर 'सरोवर', 'निर्झर' असली नावं घालायला लोकांना लाज कशी वाटत नव्हती कोण जाणे. पावसानं सलग तिसऱ्या वर्षी दगा दिला होता. नळ आठवड्यातून एकदा यायचा आणि तोही करंगळीएवढा. मग ज्यानं त्यानं अंगणात बोअर घेतले. दिवसभर कुठं ना कुठं बोअरच्या गाडीचा धडधडाट चालू असे, आणि तिची पांढरी भुकटी वाळत घातलेल्या धोतरांवर येऊन बसे.

आमच्याही बोअरला पाणी लागलं, पण ते इतकं जड की साबणाला फेस यायचा नाही आणि त्यात डाळ शिजायची नाही. ज्यांनी हे पाहिलेलं नाही त्यांना हे सांगून कळत नाही. तूरडाळ दोन तास रटरटली तरी पाणी वर आणि डाळ खाली, तशीच टणक. अण्णांचं पोट मुळात नाजूक. ते भात कालवत आणि न शिजलेले दाणे निवडून एकेक ताटाच्या कडेला लावत. आई मात्र त्या दाण्यांकडे बघत बसे, आणि तिचा घास हातातच राही.

यातून मार्ग निघाला तो खालाच्या आडामुळं. नाल्यापलीकडच्या जुन्या मोहल्ल्यात ती राहायची, आईचे ब्लाऊज शिवायची. आई तिला आपा म्हणे, मी खाला. तिच्या अंगणात कडुनिंबाखाली एक अरुंद आड होता, आणि सगळ्या भागात त्याचंच पाणी गोड राहिलं होतं. त्या पाण्यात डाळ अर्ध्या तासात लोण्यासारखी व्हायची. खाला ते पाणी शेजारच्या पंधरा-वीस घरांना द्यायची आणि तिचा नियम एकच होता, एका घराला दिवसाला एक घागर. तिची शिवणाची मशीन आडाशेजारीच मांडलेली असे. कुणी रहाटाची दोरी हातात घेतली की ती पाय न थांबवता विचारायची, "पीने कू के पकाने कू?" सांगाल ते तिला चालायचं. घरात कुणी आजारी असेल किंवा कुणी गेलं असेल तर दोन घागरी. खरं-खोटं ती कधी पाहायला जायची नाही. आईनं एकदा विचारलं, "आपा, कुनी खोटं सांगून नेलं तर?" तेव्हा ती हसली होती. "पानी के वास्ते कोई झूट बोलता क्या, भाभी?"

आमचे सोवळ्यातले नातेवाईक कन्नडहून येत, ते मऊसूत वरण भुरके मारून खात, आणि पाणी कुठल्या आडाचं हे विचारण्याचं मात्र शिताफीनं टाळत. त्यांच्याविषयी मला तेव्हाही आदर नव्हता.

ती घागर आणायचं काम माझं होतं. कॉलेज सुटलं की सायकलच्या कॅरिअरला दोरीनं घागर आवळायची आणि नाला ओलांडायचा. खाला माझ्या हातात दोरी देई, मी पोहरा सोडी, तो खोल कुठंतरी डुबुक करून बुडे, आणि मशीनची खडखड आणि रहाटाची करकर एकात एक मिसळून जाई. घरी आणलेली घागर आई ओट्याच्या कोपऱ्यात ठेवून वर ओलं फडकं बांधायची. तिच्यातलं पाणी डाळीला आणि अण्णांना प्यायला. बाकी सगळ्यांना बोअरचं.

आता हेमाकाकू. ही बाई मूळची पैठणची. लग्न होऊन आली तेव्हा आईकडून पुरणाची पोळी लाटायला शिकली, चांगली हसतमुख होती. पुढं काकांना त्यांच्या कारखान्यानं वर्षभरासाठी टेक्सासला धाडलं, ती सोबत गेली, आणि परत आली ती गोदावरी कधी पाहिलीच नसल्यासारखी. उन्हाला 'हीट' म्हणायची. पैठणचा उल्लेख निघाला की 'आमच्या नेटिव्हला' म्हणायची. स्वयंपाकघरात सपाता घालून वावरायची आणि कोपरानं कपाळावरचे केस मागं सारायची, हा कोपराचा प्रकार तिनं तिकडेच शिकलेला असणार, कारण जाण्याआधी तो नव्हता. तिनं एक जाड पुठ्ठ्याची वही आणली होती. तिच्यात तिकडच्या शेजारणींनी सांगितलेल्या पाककृती होत्या. दर मंगळवारी दुपारी कॉलनीतल्या साहेबांच्या बायका त्या वहीचं दर्शन घ्यायला वर चढत. अख्खा जिना सेंटानं दरवळे. या सगळ्या बायका आदल्या वर्षीपर्यंत एकमेकींकडं वाटीतून लोणच्याचा खार धाडत होत्या. आता त्या 'ओव्हन नसेल तर काय करायचं' हे गंभीर चेहऱ्यानं लिहून घ्यायच्या, आणि ओव्हन एकीकडेही नव्हता.

मी काकूला हसत असे, हे खरं. पण मंगळवारी सगळ्यात आधी वर जाऊन कोण बसायचं? मीच. काकूच्या न्हाणीघरात हिरव्या सफरचंदाच्या वासाच्या शांपूची बाटली होती. ती उघडून वास घेता यावा म्हणून मी तिची भांडी विसळायचे, लसूण सोलायचे आणि 'टॉर्टिया' हा शब्द ती सांगेल तसा म्हणायचे. काकूविषयी मला जेवढा तिटकारा वाटतो, त्यातला बराचसा त्या सतरा वर्षांच्या मुलीच्या वाट्याचा आहे.

त्या चैत्रात काकांचे मुंबईचे मोठे साहेब सपत्नीक जेवायला येणार असं ठरलं. काकांची बढती त्या साहेबांच्या हातात होती. काकूनं बेत जाहीर केला, रीफ्राइड बीन्स. आईनं वहीतली कृती वाचून घेतली आणि म्हणाली, "मंजे घोटलेली उसळच की. परतून."

"तसं नसतं ते, वहिनी," काकू म्हणाली. "टेक्स्चर वेगळं असतं."

राजमा गुलमंडीत एका दुकानात मिळाला. किती वर्षं पोत्यात पडून होता देव जाणे. शनिवारी काकूनं रंगीत तालीम म्हणून तो बोअरच्या पाण्यात कुकरला लावला. शिट्ट्यांवर शिट्ट्या झाल्या. खाली अण्णा पेपरातून डोकं वर काढून छताकडं बघायला लागले. शेवटी झाकण काढलं तर दाणे चाळणीत खडखड वाजले. आई वर गेली आणि म्हणाली, "हेमा, चिमूटभर सोडा टाक, नायतर पापडखार. गपगुमान शिजंल."

"सोड्यानं व्हिटॅमिन्स मरतात. आणि वहीत सोडा नाहीये."

वहीत डुकराची चरबी होती. तिच्या जागी वनस्पती तूप घालायला काकूला वहीची परवानगी लागली नव्हती.

त्याच दुपारी आई हळदीकुंकवाला गेली आणि काकूनं मला वर हाक मारली. "नलू, त्या टेलरबाईंकडं एक्स्ट्रा पाणी मिळेल का गं? आजच भिजवायला हवेत."

"नाही काकू. एका घराला एकच घागर."

"मग सांग ना काहीतरी. तू काय कमी हुशार आहेस?" आणि तिनं शांपूची बाटली टेबलावर ठेवली. अर्धी होती. मग कोपरानं केस मागं सारून कांदे चिरायला लागली.

काय सांगायचं ते मी नाला ओलांडताना ठरवलं. आईला आजारी पाडायला जीव धजेना. ती खालाकडं येणार-जाणार, आणि जिवंत माणसाविषयी असलं बोलणं अशुभ, एवढे संस्कार माझ्यावर होते. दादा मात्र जाऊन बारा वर्षं झाली होती. त्यांना काय फरक पडणार होता?

"पीने कू के पकाने कू?" खालानं विचारलं.

"पकाने कू. दोन घागरी लागतील, खाला. उद्या दादांचं श्राद्ध आहे. मेरे दादा की बरसी."

मशीन थांबली. तिनं तोंडातला दोरा काढला, डोक्यावर पदर घेतला. "नाम क्या था उनका?"

मी नाव सांगितलं. गोविंदराव. ते सांगताना माझा आवाज जरासुद्धा कापला नाही. ती ओठातल्या ओठात काहीतरी पुटपुटली आणि उठली. त्या दिवशी पाणी तिनं स्वतः शेंदलं. "उस दिन तो तुमारे में लोगां खाने कू आते ना? दो में क्या होता? तीन लेजा." आडाच्या तळाशी पाणी उरलं होतंच किती, म्हणून तिसरी घागर तिनं आपल्या चुलीजवळच्या माठातून ओतून भरली. माझा चेहरा बघून म्हणाली, "हमारा क्या मां, आज बोरिंग का पी लेंगे."

मी तीन खेपा केल्या. बाहेरच्या जिन्यानं परस्पर वर. तीन घागरी पाणी आणि अर्धी बाटली शांपू.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. वहीत लिहिलं होतं की भिजवल्याचं पाणी फेकून द्यावं, त्यानं पोटात वारा धरतो. काकूनं ते फेकलं. जिन्याच्या कठड्यावर तिच्या क्रोटनच्या कुंड्या होत्या, त्यांत. मग पहिल्या उकळीचंही पाणी फेकावं असं होतं. मी म्हटलं, "काकू, हे आईला देऊ? तिच्या आमटीला होईल." काकू म्हणाली, "शी, नलू. घाण असते ती." मला आठवतंय, त्या क्षणी मला तिला मारावंसं वाटलं. मारलं तर नाहीच, चाळणी धरून उभी राहिले.

साडेअकराच्या सुमाराला खाली फाटक वाजलं. मी जिन्यात येऊन पाहिलं तर खाला आली होती. धुतलेली साडी, डोक्यावर पदर, कमरेवर भरलेली घागर. एवढ्या उन्हात नाला ओलांडून चालत आली होती. ती फाटकाच्या आत एक पाऊल टाकून तिथंच थांबली. आई पदराला हात पुसत बाहेर आली.

"या की आपा, आत या. उन्हाचं कशाला आलात?"

"नै भाभी, आज के दिन अंदर नै. तुमारा खाना हो जाने दो पहले. मेरे कू रात में लगा, तीन में पुरता के नै. बरसी का खाना आधा नै रहना."

आई तिच्याकडं बघत राहिली. तिला काही उमगत नव्हतं, आणि नेमकं तेव्हाच काकू पातेलं घेऊन वरच्या कठड्याशी आली आणि तिनं ते वाफाळतं तांबूस पाणी कुंड्यांत ओतलं. ते पायऱ्यांवरून ओघळत खालपर्यंत आलं. "ओ, टेलरबाई," असं म्हणून ती आत गेली. खाला त्या ओघळाकडं बघत होती. मग आईही त्याकडं बघायला लागली. मग दोघींनी माझ्याकडं पाहिलं.

"नले, इकडं ये," आई म्हणाली. "आपांना काय सांगितलं तू?"

मी सांगितलं.

"आन पानी कशाला नेलं?"

"बीन्सला."

"वो क्या होता?" खालानं विचारलं.

इतके मंगळवार शिकून त्या पदार्थाचं साधं नाव मला घेता येईना. आईच बोलली, "उसळ हाय, आपा. उसळीसाठी माझ्या सासऱ्यांचं नाव घेतलं हिनं."

खालानं कमरेवरची घागर उतरवून पायरीवर ठेवली. आई म्हणाली, "घेऊन जावा आपा. कुनाचं काय नाय आज आमच्यात."

"नै भाभी. मरे हुए आदमी के नाम से निकाली मैं. वापस कैसा लेजाऊं?" मग माझ्याकडं वळून, अगदी शांतपणे, "तू अब रस्सी कू हाथ नक्को लगा. भाभी आए तो देउंगी." आणि ती मोकळ्या हातांनी गेली.

मला वाटलं आई मारेल. मारलं असतं तर बरं झालं असतं. तिनं घागर उचलली, आत नेली, आंघोळ केली आणि चूल पेटवली. अण्णांनी विचारलं, काय चाललंय. ती म्हणाली, "दादांचं श्राद्ध."

"आज? ते तर भाद्रपदात असतं."

"भाद्रपदात परत करू. आज त्यांच्या नावानं पानी आलंय."

अण्णांनी सगळं ऐकून घेतलं आणि सदरा काढून ठेवला. भटजी नव्हते, मंत्र नव्हते. वरण, भात, कढी आणि गव्हाची खीर. आईनं पहिलं पान दादांच्या नावानं वाढून ठेवलं. मग वर निरोप गेला. काका आले, आणि सासऱ्याचं श्राद्ध म्हटल्यावर काकूलाही उतरावंच लागलं. गॅसवर राजमा ठेवून, घड्याळाकडं बघत ती खाली आली आणि मांडी घालून बसली. आईनं तिला आग्रह करून वाढलं. काय झालं ते एव्हाना काकूलाही कळलं होतं, पण ती खिरीत वेलदोडा छान लागलाय एवढंच बोलली. मी शेवटच्या पंगतीला एकटी. वरण इतकं मऊ झालं होतं की भातात दिसेना. आई समोर बसून होती, पान संपेपर्यंत तिनं मला उठू दिलं नाही. लाज म्हणजे काय ते मला त्या दिवशी कळलं.

संध्याकाळची मेजवानी अर्थातच यशस्वी झाली. गोड पाण्यात राजमा शिजणारच. काकूनं तो अमेरिकेहून आणलेल्या ठेचणीनं ठेचला, तुपात परतला, आणि साहेब दोनदा वाढून घेत म्हणाले, "वा वहिनी, घोटीव उसळ फर्मास जमलीय." काकूचा चेहरा पाहण्यासारखा झाला होता. पण साहेबांच्या बाईंनी कृती मागितली, काकांना बढती मिळाली, आणि त्या उन्हाळ्यात कॉलनीतल्या घराघरांत रीफ्राइड बीन्स झाले. तांबूस पाणी घरोघरच्या कुंड्यांत गेलं. क्रोटन काय तरारले होते त्या वर्षी.

शांपू मी एकदाच लावला. बोअरच्या पाण्यात त्याला फेस आला नाही. केसांचे चिकट दोर झाले आणि दोन दिवस डोक्याला आंबलेल्या सफरचंदाचा वास येत राहिला.

खालानं आमची घागर बंद केली नाही. फक्त ती आणायला आई जायला लागली. आईला सायकल येत नव्हती. गुडघे तिचे तेव्हापासूनच दुखरे होते. चैत्र, वैशाख, जेठ असे तीन महिने ती रोज उन्हं कलल्यावर नाला ओलांडून जाई आणि घागर कमरेवर घेऊन येई. मी म्हणायचे, मी नाल्यापर्यंत येते, तिथून मी घेते. ती म्हणायची, "राहू दे." एवढंच. रागानं नाही. मी खिडकीत उभी राहून तिला दर चार पावलांवर थांबत येताना बघायचे. पुढं तिचे गुडघे कायमचे गेले तेव्हा डॉक्टर वयाचं कारण सांगायचे. मी ऐकून घ्यायचे.

पाचेक वर्षांनी माझं लग्न ठरलं तेव्हा ब्लाऊज शिवायला मी खालाकडं गेले. मधल्या काळात पाऊस बरा झाला होता, आड वर आला होता. तिनं माप घेतलं, गालावरून हात फिरवला, आईच्या गुडघ्यांची चौकशी केली, शिलाई घेणार नाही म्हणाली. माझ्यामागून शेजारची एक लहान पोरगी कळशी घेऊन आली आणि रहाटाशी गेली. खालानं मशीनवरून मान न उचलता तिला विचारलं, "पीने कू के पकाने कू?" "पीने कू," पोरगी म्हणाली आणि तिनं पोहरा सोडला.

मला तहान लागली होती. मी पाणी मागितलं. खाला लगेच उठली, माठातून तांब्या भरून आणला, आणि माझ्या हातात दिला. मला तिनं काहीच विचारलं नाही.